सात नंबरची शिवण

पत्रिकेत साऱ्या जगाची नावं होती... फक्त कोंडाजीचं नव्हतं!

विमलबाईंनी ती आधी चष्मा लावून वाचली, मग चष्मा पदरानं पुसून वाचली, मग दारात उजेडाला नेऊन वाचली. सोनेरी अक्षरांत कुलस्वामिनी होती, ग्रामदैवत होतं, कैलासवासी सासू-सासरे होते. मामा होते, मावश्या होत्या. आत्या तर इतक्या होत्या, की त्यांतल्या काहींशी बडेकरांचं बोलणंसुद्धा बंद होतं. 'आमच्या काकाच्या लग्नाला यायचं हं!' असा लाडिक आग्रह करणारी चिल्लीपिल्ली होती, त्यांतल्या एकाला तर अजून मान धरता येत नव्हती. 'प्रमुख उपस्थिती' या मथळ्याखाली प्रभंजन कंप्रेसर्स कंपनीचे मॅनेजिंग डायरेक्टर होते. पण वराच्या बापाचा सख्खा थोरला भाऊ... ज्यानं त्या बापाला खांद्यावर बसवून शाळेत नेलं तो... तो कुठेच नव्हता!

"आवो..." विमलबाईंनी पत्रिका नवऱ्यापुढे धरली. "तुमचं नाव नाय यात."

कोंडाजी ओट्यावर बसून बशीत चहा ओतत होता. "छापखान्याची चूक आसंल," तो म्हणाला.

"छापखान्याला चुकायला तुमचंच नाव बरं सापडलं!"

"मोठं नाव हाय गं. कोंडाजी. जागा खातं."

"आन त्या व्याह्याच्या डिगऱ्या ओळभर छापल्यात, त्या जागा नाय खात?"

कोंडाजीनं बशी तोंडाला लावली, पण चहा काही आत गेला नाही.

पत्रिका घेऊन आला होता कंपनीच्या टेंपोचा ड्रायव्हर नीलेश. "बडेकर साहेब म्हणाले, चौक गावाला जातोच आहेस तर ही पण देऊन ये," असं त्या भाबड्या जिवानं सांगूनही टाकलं होतं. अक्षता नाहीत, सुपारी नाही, उंबऱ्यावर उभं राहून 'यायचं बरं का' म्हणणं नाही. टेंपोत ताडपत्रीखाली काहीतरी अवजड होतं. ते त्याला कोंडाजीच्या वेल्डिंगच्या दुकानाशेजारच्या शेडमध्ये उतरवायचं होतं. भावाचं आमंत्रण हे त्या मालासोबत आलेलं सुटं सामान!

"मेढ तरी कुठं रोवणार ते?" विमलबाईंचे डोळे वाहू लागले होते. "नेरळच्या फ्लॅटखाली, त्या पार्किंगात? खाली सगळी लादी ठोकलीय. कुंडीत रोवतील बगा. वाळूच्या कुंडीत, मनीप्लांटवानी!"

मुहूर्तमेढ... तो शब्द कोंडाजीच्या काळजात खोल रुतला. मांडवाचा पहिला खांब घरातल्या थोरल्यानं आपल्या हातानं जमिनीत रोवायचा, ही बडेकरांची रीत. वराचा बाप म्हणजे धाकटा भाऊ किरण; त्याच्या लग्नात ती कोंडाजीनंच रोवली होती. किरणचा साईराज जन्मला, तेव्हापासून कोंडाजीनं देवाकडे दुसरं काही मागितलं नव्हतं. या पोराच्या मांडवाची मेढ माझ्या हातून रोवली जावी, आंब्याचा डहाळा मी बांधावा... बस, एवढंच! कोंडाजीची लेक समीक्षा लग्न होऊन रोह्याला गेली, तेव्हाही त्याच्या मनात होतं, की अजून एक मेढ बाकी आहे.

ती मेढ आता कुंडीत जाणार होती.

किरण हा कोंडाजीचा भाऊ, हे शाळेच्या दाखल्यापुरतं खरं होतं. बाप गेला तेव्हा किरण रांगत होता आणि कोंडाजीला मिसरूड फुटत होतं. तेव्हापासून तो बापच झाला. विमलबाई लग्न होऊन आली ती कमरेवर दीर घेऊनच नांदली. पोर गोड होतं, हुशार होतं, पण डावखुरं होतं. आणि कोंडाजीच्या आईच्या मते डाव्या हातानं घास घेणारं पोर घराला लागतं. ती जेवायला बसवताना त्याचा डावा हात चिंधीनं कमरेला बांधून टाकी. पोर उजव्या हातानं भात सांडी, रडे, अर्धपोटी उठे. एके दिवशी कोंडाजीला ते बघवलं नाही. त्यानं उठून चिंधी सोडली आणि चुलीत टाकली.

"आरं, डाव्या हातानं जेवंल त्यो!" आई कडाडली.

"जेवतोय ना? मग?" कोंडाजी म्हणाला.

आई पुष्कळ दिवस रुसली, पण चिंधी काही परत आली नाही. मोकळा झालेला तो इवला हात मग घरभर नाचू लागला. विमलबाई अंगण सारवायला बसली, की हा शेणाच्या पाटीत कोपरापर्यंत हात बुडवून तिच्या शेजारी. सारवताना हाताच्या कमानी उठतात... तिच्या एका अंगाला झुकलेल्या, याच्या बरोब्बर उलट. अंगण वाळलं की म्हातारी काठी टेकून बघे आणि म्हणे, "हितवर सुनंचा हात हाय, आन हितून डावऱ्याचा!" पोर लाजून विमलबाईच्या पदरात तोंड लपवी. आहाहा... काय दिवस होते ते!

पुढे किरण मोठा झाला, आणि कोंडाजीनं त्याला आपल्या कारखान्यात चिकटवलं.

खालापूरच्या बाजूला जुन्या हायवेच्या कडेला प्रभंजन कंपनी उभी आहे. ती कंप्रेसर बनवते, म्हणजे हवेसारखी फुकटची वस्तू दाबून कोंबण्याची यंत्रं विकते. ही दाबलेली हवा भरून ठेवायला पोलादी टाक्या लागतात. मधे नळकांडं, दोन टोकांना दोन घुमट. घुमट नळकांड्याला जोडायचं काम कोंडाजीचं. कारखान्यात त्या जोडाला सीम म्हणत. कोंडाजी शिवण म्हणे. शिवण पुरी झाली, की वेल्डरनं तिच्या शेजारी पोलादी ठशानं आपला नंबर ठोकायचा. कोंडाजीचा नंबर सात. शिकाऊ पोरांना नंबर नसे. त्यांनी घातलेल्या शिवणीवर उस्तादाचा नंबर पडे. चांगली निघाली तर उस्तादाची, वाईट निघाली तरी उस्तादाची. कोंडाजीच्या हाताखालचा शिकाऊ किरण होता, हे सांगायला नको.

टाकी तयार झाली की तिच्यात आधी पाणी भरून दाब देतात. कारण पाणी फुटलं तर माणूस भिजतो, आणि हवा फुटली तर माणूस सापडत नाही.

ते पावसाळ्याचे दिवस होते. किरणच्या बायकोचे दिवस भरत आले होते. कंपनी आपल्या खर्चानं त्याला डिप्लोम्याला पाठवणार होती आणि दुसऱ्या दिवशी पनवेलला त्याची मुलाखत होती. पोराचं चित्त थाऱ्यावर नव्हतं. वेल्डिंगचे रॉड भट्टीत तापवून कोरडे करून मगच लावायचे असतात, नाहीतर जोडाला चीर पडते. त्यानं घाईघाईत उघड्या पुड्यातले दमट रॉड लावले, शिवण उरकली आणि घरी पळाला. टाकीचं एक टोक त्याचं, दुसरं कोंडाजीचं, नंबर दोन्हींवर सात. दुसऱ्या दिवशी परदेशी गिऱ्हाइकाच्या तपासनिसासमोर पंपावरच्या मुनव्वरनं पाण्याचा दाब वाढवायला घेतला, आणि किरणच्या शिवणीतून पाण्याची जी धार उडाली, ती थेट तपासनिसाच्या टायवर!

ऑर्डर गेली. चौकशी समिती बसली. समितीनं चहा घेतला, बिस्किटं घेतली आणि कोंडाजीचा जबाब घेतला. तिन्हींना साधारण सारखाच वेळ लागला.

"नंबर सात हाय ना?" कोंडाजी म्हणाला. "मग शिवण माजी."

त्याच्या एका शब्दानं किरणचं नाव पुढे आलं असतं, आणि त्याच्याबरोबर डिप्लोमा, नोकरी, सारं वाहून गेलं असतं. तो शब्द कोंडाजीनं गिळला... आणि त्याबरोबर आपली नोकरी गिळली, हाताची कीर्ती गिळली! कोणती शिवण कोणाची हे ओळखणारा दुसरा एकच माणूस होता, पंपावरचा मुनव्वर. त्याच्याकडून कोंडाजीनं हातात हात घेऊन वचन घेतलं, की याबद्दल तोंड उघडायचं नाही.

किरण पनवेलहून परतला, तेव्हा गेटवरच त्याला बातमी कळली. "दादा, तुझी शिवण गेली?" त्यानं विचारलं. "नंबर माजाच ना," कोंडाजी म्हणाला. किरणनं सुटकेचा एक निःश्वास सोडला. एकच. पण अशा निःश्वासाची माणसाला जन्मभर लाज वाटत राहते, आणि लाज वाटू नये म्हणून तो समोरच्यावर रागावायला शिकतो. दादानं घराण्याचं नाव बुडवलं... दादाचं लक्ष नव्हतं... दादामुळे मला खाली बघावं लागतं... एकेक वर्षानं तो राग पक्का होत गेला.

आणि कंपनी? कंपनीनं ती फुटकी टाकी फेकली नाही. तिला पिवळाधमक रंग दिला, गेटजवळ चौथऱ्यावर ठेवली आणि खाली पाटी लावली: 'निष्काळजीपणाची किंमत. वेल्डर नंबर ७.' दर वर्षी सुरक्षा सप्ताहात तिला रंगाचा नवा हात मिळे आणि तिच्यासमोर भाषण होई. टाकी आडवी, दोन्ही टोकं सारखी. रंगाखाली कोणतं कोणाचं हे टाकीलाही सांगता आलं नसतं. ते भाषण पुढे दर वर्षी क्वालिटी विभागाचे प्रमुख श्री. किरण बडेकर करू लागले. "प्रत्येक जोडाला एक नाव असतं, मित्रांनो," असं ते म्हणत, आणि टाळ्या पडत. स्वतःच्या शिवणीकडे बोट दाखवून स्वतःच्या भावाला दोष देणारा एवढा निःपक्षपाती अधिकारी दुसऱ्या कुठल्या कारखान्यात झाला नसेल!

कोंडाजी चौकच्या रस्त्यावर गेट, खिडक्यांच्या जाळ्या आणि ढाब्यांचे स्टूल जोडू लागला. सुरुवातीला किरण सणावाराला येई. मग नेरळचा फ्लॅट झाला, मग येणं थांबलं, मग हायवेवर गाडी दुकानासमोरून जाताना काच वर जाऊ लागली. आता साईराजची सोयरीक जमली होती ती कंपनीच्याच व्हाइस प्रेसिडेंटच्या मुलीशी, जागृतीशी. पाटीवरचा सात नंबर म्हणजे आपल्या व्याह्याचा भाऊ, हे त्या मोठ्या माणसाला ठाऊक नव्हतं. ते ठाऊक होऊ नये, एवढ्यासाठी पत्रिकेतून एक नाव गळलं होतं. कोंडाजीला हे सारं समजत होतं. समजूनही तो छापखान्याला दोष देत होता.

विमलबाईंना मात्र काही ठाऊक नव्हतं. इतकी वर्षं त्यांच्या तोंडी एकच वाक्य होतं, "त्या दिवशी लक्ष कुठं होतं हो तुमचं?" भाकरी करपली तरी, गॅस संपला तरी, समीक्षाच्या लग्नात बँड उशिरा आला तरी, शेवटी गाडी तिथंच येई. कोंडाजी ऐकून घेई.

पत्रिका आली त्याच्या दुसऱ्या दिवशी सकाळी मुनव्वर दुकानात डोकावला.

कंपनीतून निवृत्त झाल्यावर मुनव्वरनं शेजारी शेड टाकली होती. दाबाच्या हवेनं बारीक खडी मारून जुन्या लोखंडाचा रंग आणि गंज उडवायचं काम तो करी. कंप्रेसर अर्थातच प्रभंजनचा, कंपनीनं भंगारात काढलेला.

"कोंडाजी, जरा चल माझ्याबरोबर," तो म्हणाला. त्याचा चेहरा नेहमीसारखा नव्हता.

"काय झालं?"

"काय नाय झालं. रंग उडवलाय एका मालाचा. बघून घे."

कोंडाजीनं शेडमध्ये पाऊल टाकलं. लाकडी ओंडक्यांवर ती टाकी होती... तीच! वर्षावर्षांचा पिवळा रंग जमिनीवर भुकटी होऊन पडला होता, आणि आतलं राखाडी पोलाद उघडंनागडं समोर आलं होतं.

"नवे डायरेक्टर म्हणाले, म्हणे, रंग नको, दोष दिसला पाहिजे. वरनं नुसतं पारदर्शक वॉर्निश मारायचंय," मुनव्वर सांगत होता. "किरणशेट दुपारी स्वतः येतोय बघायला."

कोंडाजीला त्यातलं काही ऐकू येत नव्हतं. तो एका टोकाशी गेला. ती त्याची शिवण होती. माशाच्या खवल्यांसारखे खवल्यावर खवले, सगळे एका अंगाला निजलेले. मग दुसऱ्या टोकाशी गेला. तेच खवले, पण उलटे. डावीकडे तोंड करून निजलेले, जरासे घाईतले, कोवळ्या हाताचे... आणि मधे ती बारीक फट, जिथून पाणी उडालं होतं.

"माजं पोर रं..." त्याच्या तोंडून निघून गेलं. त्यानं त्या खवल्यांवरून बोट फिरवलं, जसं झोपलेल्या लेकराच्या पाठीवरून फिरवावं. चुकलेली शिवण ती! पण त्या चुकीतसुद्धा पोराचा हात दिसत होता, आणि कोंडाजीला तो किती वर्षांनी दिसत होता!

मग त्यानं बोट मागे घेतलं. आपल्याला दिसलं, ते किरणलाही दिसेल. आणि किरणच्या मागोमाग दहा जणांना दिसेल! वॉर्निश लावून गेटवर ठेवलेली ही टाकी पुढे रोज सगळ्यांसमोर बोलत राहील. लग्न तोंडावर आलं असताना! व्याही कंपनीतलाच!

"ग्राइंडर दे तुजा," तो म्हणाला.

"कोंडाजी, येड्यासारखं करू नको."

"दे म्हणतो ना!"

मुनव्वरनं दिला नाही. कोंडाजी दुकानात धावला, आपला ग्राइंडर आणला, शेडच्या बोर्डात पिन खुपसली आणि ना गॉगल, ना हातमोजे, तसाच त्या शिवणीवर तुटून पडला. ठिणग्यांचा फवारा उडाला. किरणच्या हाताचा एकेक खवला सपाट होऊ लागला. ही शिवण पुसली, की आपल्या निर्दोषपणाचा या जगातला एकुलता एक साक्षीदार पुसला जाणार, हे त्याला ठाऊक होतं. तरी हात थांबत नव्हता. डोळ्यांतून धारा लागल्या होत्या... कुणी विचारलं असतं तर त्यानं ठिणग्यांचा दोष सांगितला असता.

अचानक ग्राइंडर मुका झाला.

कोंडाजीनं वळून बघितलं. विमलबाई बोर्डाजवळ उभ्या होत्या. एका हातात भाकरीचा डबा, दुसऱ्या हातात उपटलेली पिन.

"डोळं घालवायचेत का? चष्मा कुठं हाय? आन लोकांच्या मालाला ग्राइंडर लावताय, लक्ष कुठं हाय हो तुमचं, त्या दिवशी पण..." त्यांचं वाक्य तिथंच अडलं. त्यांची नजर टाकीवर गेली होती. निम्मी शिवण चकचकीत सपाट झाली होती, निम्मी शिल्लक होती. त्या जवळ आल्या. डबा खाली ठेवला. उरलेल्या कमानींवर त्यांनी तळहात टेकला आणि सारवल्यासारखा हलकेच फिरवला... एकदा आपल्या बाजूनं, एकदा उलट.

"हे तर..." त्या पुटपुटल्या. "हितून डावऱ्याचा हात हाय..."

त्यांनी मान वर करून नवऱ्याकडे बघितलं.

"ही तीच टाकी नं? जिच्यापायी तुमची नोकरी गेली?" विमलबाईंचा आवाज चिरकला. "आन मी... मी इतकी वर्सं तुमाला... आवो, एकदा तरी बोलायचं! एकदा तरी 'गप बस' म्हणायचं मला!"

"तू बोलायचीस तेवा बरं वाटायचं," कोंडाजी खाली बघत म्हणाला. "घरात निदान कुणीतरी बोलतंय, असं." मग तिचे हात धरून तो कळवळला, "विमल, पाया पडतो तुज्या. त्याला कळू देऊ नको. पिन लाव. थोडंच राहिलंय."

"पिन मी लावणार नाय!"

"मुनव्वर, तू तरी सांग हिला. तू वचन दिलंयस."

मुनव्वर पाठीमागे हात बांधून उभा होता. "तोंड उघडणार नाय असं वचन दिलं होतं," तो शांतपणे म्हणाला. "रंग उडवणार नाय असं नव्हतं दिलं. या टाकीचं काम यावं म्हणून इतका कमी भाव टाकला, की खडीचा खर्चपण निघत नाय. आता तुला काय बोलायचं ते बोल."

तेवढ्यात बाहेर गाडी थांबली.

किरण आत आला. कडक इस्त्रीचा शर्ट, खिशाला कंपनीचं ओळखपत्र, हातात छोटी बॅटरी. भावाला आणि वहिनीला बघून तो क्षणभर बिचकला. मग अवघडलेली माणसं करतात तेच त्यानं केलं... कामाचं बोलू लागला.

"हे काय? ग्राइंडर कोणी लावला याला?" त्याचा आवाज चढला. "मुनव्वरभाई, हा पुरावा आहे! दोष जसाच्या तसा दिसला पाहिजे, तेच तर..."

"मी लावला," कोंडाजी म्हणाला.

किरणच्या ओठांवर कडवट हसू आलं. "तूच लावणार. स्वतःची चूक पुसायला आलास, दादा? इतक्या वर्षांनी?"

विमलबाईंनी तोंड उघडलं. कोंडाजीनं त्यांच्याकडे असं काही बघितलं, की त्यांनी पदराचा बोळा तोंडात कोंबला.

"उरलंय त्यावर भागवावं लागेल," किरण टाकीवर वाकला. बॅटरी उजव्या हातात होती. साहेब झाल्यापासून तो सगळं उजव्या हातानं करी, लोकांच्या जेवणावळीत भातसुद्धा. "हे बघा, मुनव्वरभाई, वॉर्निश इथं जाड नको. हे खवले दिसले पाहिजेत. वेल्डरचा हात कसा चाललाय, कुठं घाई झालीय, हे पोरांना दाखवता येतं. म्हणजे इथं बघा, हा उजवीकडून सुरुवात करून डावीकडे..."

तो थांबला.

बॅटरीचा उजेड शिवणीवरून पुढे गेला, मागे आला. मग त्यानं बॅटरी खाली ठेवली. त्याचा डावा हात आपणहून वर आला, आणि जणू बोटांत अजूनही रॉड धरलेला असावा तसा, त्या खवल्यांच्या लयीत हळूहळू सरकू लागला. एकही खवला चुकत नव्हता. हाताला सगळं आठवत होतं... पावसाचा आवाज, उघडा पुडा, पनवेलची मुलाखत, सगळं! सपाट केलेल्या भागाशी येऊन हात थबकला. समोर ठशाचा आकडा होता. सात.

"दादा..." तो म्हणाला. "ही... ही माझी..."

"नंबर माजा हाय," कोंडाजी घाईनं म्हणाला. "शिकाऊला नंबर नसतो."

"मी दर वर्षी... या टाकीसमोर उभा राहून..." खडीच्या आणि पिवळ्या भुकटीच्या ढिगात, त्या कडक इस्त्रीसकट किरण खाली बसला आणि पोरासारखा हुंदके देऊ लागला. साहेबाची भाषा गळून पडली. "मी इचारलंच नाय रं तुला, कुठलं टोक गेलं म्हणून! मुद्दाम नाय इचारलं! मला भ्या वाटलं, तू खरं सांगशील म्हणून! आन तू... तू का गप बसलास, दादा? का?"

कोंडाजी त्याच्या शेजारी बसला. भाषणं करायची सवय त्या घरात एकालाच होती.

"तुजा हात मीच सोडवला होता," तो म्हणाला. "आईनं बांधलेला. मग त्यो कुठं चुकला, तर माजं नको बगायला?"

किरणनं भावाच्या पायांवर डोकं ठेवलं. विमलबाईंच्या अश्रूंना खळ नव्हता. त्या एका हातानं दिराची पाठ थोपटत होत्या आणि दुसऱ्या हातानं नवऱ्याच्या शर्टावरची पोलादाची भुकटी झाडत होत्या. मुनव्वर तोंड फिरवून कंप्रेसरचा व्हॉल्व्ह उगीचच घट्ट करत होता.

जरा वेळानं किरण उठला, डोळे पुसले आणि खिशातून फोन काढला.

"कुणाला लावतोस?" कोंडाजी धसकला.

"व्याह्यांना."

"आरं नको! लगीन मोडंल!"

"हॅलो, साहेब... हो, टाकीजवळच आहे. टाकीचंच सांगायचंय. सात नंबर माझा सख्खा भाऊ आहे... हो, सख्खा. पत्रिकेत नाही, कारण मी घातलं नाही. आणि शिवण त्याची नव्हतीच, माझी होती. त्यानं माझ्यासाठी नोकरी घालवली... आज कळलं मला. लग्नाआधी तुम्हाला कळावं, म्हणून लगेच सांगतोय."

किरणनं फोन स्पीकरवर टाकला. कोंडाजीनं विमलबाईंचा हात घट्ट धरला. मग फोनमधून एक मोकळा, तरुण आवाज सगळ्यांना ऐकू आला.

"बाबा, मी जागृती. शेजारीच होते, सगळं ऐकलं. आमचे बाबा गप्प बसलेत. घाबरू नका, चिडले की ते ओरडतात. गप्प बसले की विचार करतात. आणि मोठे बाबा आहेत का तिथं? त्यांना सांगा, मेढ त्यांनीच रोवायची. साईराज केव्हापासून म्हणतोय, तुम्हाला विचारायची त्याची हिंमत होत नव्हती."

किरणनं फोन ठेवला आणि वहिनीकडे बघितलं. "वैनी, तुमच्या अंगणात जागा हाय ना? नेरळला... कुंडी आणलीय."

"म्हाईत हाय मला!" विमलबाई रडता रडता हसल्या. "अंगण सारवावं लागंल. एकटीच्यानं व्हायचं नाय."

"मी येतो ना," किरण म्हणाला.

"आन त्या पाटीवर," तो भावाकडे वळला, "आता माजं नाव टाकतो. सात नंबर खोडून."

"नाव टाक तुजं," कोंडाजी म्हणाला. "पण नंबर खोडू नको. नंबर माजा हाय."

विमलबाईंनी डबा उघडला. तांदळाची भाकरी होती, सुकटीची चटणी होती, कांदा होता. दोघांपुरतं आणलेलं चौघांत वाटलं गेलं. मुनव्वरनं ओंडका पुढे सरकवला, आणि श्री. किरण बडेकर, प्रमुख, क्वालिटी विभाग, मांडी घालून खाली बसले. भाकरीचा तुकडा मोडायला उजवा हात सवयीनं पुढे गेला... आणि मधेच थांबला. मग डाव्या हातानं त्यानं तुकडा मोडला, चटणीत बुडवला आणि तोंडात घातला. डोळ्यांतलं पाणी घासाबरोबर आत गेलं.

"आरं, लोकांत असा डाव्या हातानं..." विमलबाई सवयीनं म्हणून गेल्या.

कोंडाजीनं आपल्या वाटणीची अर्धी भाकरी भावाच्या पुढ्यात सरकवली.

"जेवतोय ना?" तो म्हणाला. "मग?"